डोंगरावर कोण बाई

सातविण फुलली की मला जपान आठवतं. आता तुम्ही म्हणाल, म्हातारीचं काहीतरीच! सातविण आपल्या डोंगरातलं झाड, तिचा आणि जपानचा काय संबंध? संबंध आहे. सांगते.

आश्विन महिना मुंबईत मोठा लबाड. पाऊस गेला म्हणून गोधड्या वाळत घालाव्यात, तर हस्ताची एखादी चुकार सर येऊन सगळं भिजवून जाते. दुपारी ऊन असं की टाळू तापते, ब्लाउज पाठीला चिकटतो, फ्रीजमधलं पाणीसुद्धा घशाखाली उतरेपर्यंत कोमट होतं. पण संध्याकाळ झाली की आमच्या बोरिवलीत पूर्वेच्या डोंगराकडून वारा सुटतो आणि त्याच्या पाठीवर बसून हा सातविणीचा वास येतो. गोडही आणि उग्रही. काहींचं डोकं चढतं त्यानं. माझं चढत नाही, माझं मागं जातं. थेट ऐंशीच्या दशकातल्या एका नवरात्रात. त्या नवरात्रात आम्ही बायकांनी बोरिवलीच्या खाणीत जपान उभं केलं होतं.

तेव्हा इथे टॉवर नव्हते. हाउसिंग बोर्डाच्या बसक्या इमारती, मधे मातीचं पटांगण, पटांगणाला लागून बंद पडलेली दगडखाण. खाणीच्या तळाला हिरवं पाणी आणि काठाला उरलेल्या खडीचा ढीग, चांगला टेकडीएवढा. त्यावर रानगवत उगवायचं आणि बकऱ्या चढायच्या. आता तिथे गाड्या लावायचं तळघर आहे. मी कधी लिफ्टनं चुकून खालच्या मजल्यावर उतरले, तर मला वाटतं, आपण त्या हिरव्या पाण्यातच उभ्या आहोत.

नलू माझ्या समोरच्या दारात राहायची. सौ. नलिनी, शाळेत इतिहासाच्या बाई. मी चौथीत शाळा सोडलेली, कुडाळजवळच्या खेड्यातून लग्न होऊन आलेली. वाचायला लिहायला मी इथे येऊन पुन्हा शिकले, भेळेच्या कागदांवरून, सिनेमाच्या पाट्यांवरून, आणि पुढे नलूनं आणून दिलेल्या पुस्तकांवरून. हे कबूल करायलाच हवं. आमच्याकडे फुगड्या. भोंडला मला नलूनं शिकवला. पाटावर हत्ती काढायचा, त्याच्याभोवती फेर धरायचा, आणि शेवटी झाकलेल्या डब्यातली खिरापत ओळखायची. मला तर तो शेवटच जास्त आवडायचा. डब्याच्या झाकणाकडे बघत सगळ्या बायका पोरी होऊन ओरडतात, ‘लाडू!’, ‘करंजी!’, ‘वाटली डाळ!’

नलू हसली की समोरच्या माणसाला आपण हुशार आहोत असं वाटायचं. असं हसणं फार थोड्यांना येतं. मला तर तिच्यासमोर गाणी सुचायची. खरंच सांगते, एकटी असताना सुचायची नाहीत, तिच्यासमोर सुचायची.

तर त्या वर्षी ती शाळेतल्या बायकांबरोबर शहरात जाऊन एक जपानी सिनेमा बघून आली. दुसऱ्या दिवशी जिन्यात बसून आम्ही गवार मोडत होतो, मी, नलू आणि तळमजल्यावरच्या पेडणेकरकाकू. नलूचं गवारीत लक्षच नव्हतं.

“सुले, काय लोक गं ते! सामुराई म्हणतात. मालकासाठी जीव देतात, पण शब्द मोडत नाहीत.”

“म्हणजे खाल्ल्या मिठाक जागणारे,” काकू म्हणाल्या. “त्यात काय नवीन? आमच्याकडे कुत्रोसुद्धा जागता.”

“काकू, ऐका तर!” आणि तिनं सिनेमा सोडून खरा इतिहासच सांगायला घेतला. धुक्यानं भरलेलं एक खोरं. दोन मोठ्या फौजा समोरासमोर. आणि बाजूच्या डोंगरावर आपली माणसं घेऊन बसलेला एक तरुण सरदार. त्यानं शब्द दिलाय एका बाजूला, आणि दुसऱ्या बाजूनं त्याला गुपचूप आमिष दाखवलंय. खाली सकाळपासून माणसं मरताहेत. दोन्हीकडून हाका येताहेत, उतर, उतर! हा आपला बसून. आणि ऐन दुपारी उतरला तो आपल्याच लोकांच्या अंगावर.

गवार मोडायची थांबली. काकूंनी विचारलं, “नाव काय मेल्याचां?”

नलूनं सांगितलं. ते एवढं लांबलचक की आमच्यातल्या कुणालाच म्हणता येईना. काकू म्हणाल्या, “डोंगरावर बसलो मां? मग डोंगरकर म्हणा.” तेव्हापासून जपानच्या इतिहासातला तो सरदार आमच्या जिन्यात डोंगरकर झाला.

दरवर्षी कोजागिरीला महिला मंडळ काहीतरी करायचं, नाटुकलं नाहीतर वेशभूषा. नलू म्हणाली, यंदा सिनेमा करू. गाण्यांचा. लढाई खरी दाखवायचीच नाही, फेर धरून दाखवायची. दोन फौजा म्हणजे दोन फेर, एकात एक. तलवारींच्या जागी गुजराती शेजारणींच्या टिपऱ्या. जी मेली ती ओरडणार नाही, पडणार नाही, नुसती फेर सोडून मधे जाऊन बसेल, हत्तीच्या जागी. फेर लहान होत जाईल आणि मधली बसलेली माणसं वाढत जातील. आजही मला ती कल्पना अंगावर काटा आणते. तिची कल्पना, तिचंच श्रेय. मी ते कधी नाकारलं नाही.

“पण बोलणी नकोत,” ती म्हणाली. “सगळं गाण्यात. आणि गाणी तू कर.”

“मी? अगं, मला र्‍हस्व दीर्घ कळत नाही!”

“गाताना कुणाला दिसतंय र्‍हस्व दीर्घ!”

मग काय, पोळ्या लाटता लाटता मी जपान रचायला लागले. भोंडल्याच्याच चालीवर, कारण बायकांच्या पायांना तो ताल माहीत. पहिलं गाणं त्या डोंगरकराचं:

डोंगरावर कोण बाई, डोंगरावर कोण
हाक आली इकडून, हाका आल्या दोन
इकडची म्हणते ये रे, तिकडची म्हणते ये
मीठ कुणाचं खाल्लंस राजा, आठवून बघ हे

दोन दिवसांत ते सगळ्या वसाहतीच्या तोंडी झालं. नळावर, गच्चीत, रेशनच्या रांगेत. आमचे हे दाढी करताना म्हणायचे. बायका विचारायच्या, “सुलूचा सिनेमा कधी दाखवणार?” मी लाजून म्हणायची, “माझा नाही गं, नलूचा.” पण आत गुदगुल्या व्हायच्या, खोटं कशाला बोलू? नलू तेव्हा जवळच उभी असायची.  नुसती हसायची. ते हसणं मी तेव्हा नीट बघायला हवं होतं.

कपड्यांची तर काय गंमत! सामुराईंच्या त्या घोळदार विजारी पुस्तकातल्या चित्रात बघून काकू म्हणाल्या, हो तर आमचो काष्टोच. आणि खरंच, काकूंच्या जुन्या नऊवारींचे काष्टे मारून आम्ही उभ्या राहिलो तर चित्रातल्यासारख्या दिसायला लागलो. डोक्यावर उंच अंबाडे. चिलखताला सुपं, छातीला एक, पाठीला एक, सुतळीनं बांधलेली. ती काळी करायची म्हटल्यावर मात्र काकू उठून उभ्या राहिल्या. “नवरात्रात सुपाक काळां फासतास? लक्ष्मी ती! घरात भांडणां होतली, सांगून ठेवतंय.” मग तडजोड झाली. सुपांना काळं फासलं नाही, हळदकुंकू लावलं. त्यामुळे आमच्या फौजेच्या छातीवर सगळ्यांच्या हळदकुंकवाचे ठिपके. जपानच्या इतिहासात अशी फौज झाली नसेल.

कॅमेरा किरीटभाईंचा. ते लग्नांचे व्हिडिओ काढायचे, खांद्यावर हा एवढा मोठा कॅमेरा आणि बरोबर डोळे दिपवणारा दिवा. त्यांना लग्नाशिवाय काही माहीत नव्हतं. लढाईत ते ओरडायचे, “बेन, मरो, मगर स्माइल देके मरो!” एका सामुराईचा चेहरा त्यांनी बदामाच्या आकारात बसवला. नलू चिडली, तर म्हणाले, “नलिनीबेन, बदाम का एक्स्ट्रा चार्ज नहीं लेता मैं.”

सकाळी पुरुषमंडळी कामावर गेली की आम्ही खाणीवर. गवतावर दव, खालच्या पाण्यावरून पातळ वाफ उठलेली. नलू म्हणाली, “हे बघा धुकं, आयतं!” आणि मग प्रश्न आला, डोंगरकर कोण होणार? कुणी तयार होईना. दगाबाजाचं सोंग, तेही देवी बसलेली असताना, कोण घेईल? एक म्हणते माझं उपवासाचं अंग, दुसरी म्हणते माझा नवरा चिडेल. शेवटी नलूच म्हणाली, “मी बसते. त्यात काय एवढं?” आणि खडीच्या ढिगावर चढून मांडी घालून बसली. आम्ही खाली उन्हात फेर धरून गातोय, एकेक जण मधे जाऊन बसतेय, आणि ती वर. उन्हानं डोळे बारीक केलेली. मी खालून ओरडले, “नलू, तो वर बसून काय विचार करत असेल गं?”

ती वरून म्हणाली, “काही नाही. कोण जिंकतंय ते बघत असेल.”

मी हे आत्ता जुळवून सांगतेय असं वाटेल तुम्हाला. मीही स्वतःला विचारून बघितलंय. पण नाही, तसंच म्हणाली ती.

सिनेमाच्या शेवटाची कल्पना मात्र माझी. नलूनं सांगितलं होतं, लढाई झाली की जिंकलेल्या राजापुढे हरलेल्यांची मुंडकी पेटीत घालून आणत. हे कसं दाखवायचं? मी म्हटलं, झाकलेले डबे आणू. जिंकलेला राजा पाटावर बसलाय, बायका रांगेनं झाकलेले डबे घेऊन येतात आणि विचारतात, ‘ओळखा खिरापत!’ आणि राजाला एकही ओळखता येत नाही. तिथेच संपवायचं. डबा उघडायचा नाही. नलू माझ्याकडे बघत राहिली. मग तिनं मला मिठी मारली, सुपासकट. सुतळी तुटली. “सुले, तू जर शिकली असतीस ना…” म्हणाली, आणि वाक्य पुरं केलंच नाही.

त्या मिठीच्या जोरावर मी तिच्याकडे एक मागणं मागितलं. आयुष्यात तेवढंच.

त्याआधी माझ्या आईबद्दल सांगते. आई लावणीला जायची शेतात, आणि लावणीला जाईल तिथे गाणी रचायची. बायका ओणव्या झालेल्या, चिखलात हात, आणि आई कडव्यामागून कडवं सोडतेय. सासूवर, सावकारावर, बेडकावर, कशावरही. आजही त्या भागात तिची गाणी म्हणतात. कुणाची म्हणून विचारलंत तर सांगतील, ‘जुनी आसत, बायकांची आसत.’ आईला अक्षर येत नव्हतं. मला शाळेतून काढली तेव्हा मास्तर घरी सांगायला आले होते, पोर हुशार आहे म्हणून. बाबा नाही म्हणाले, आई दाराआड उभी होती, गप्प. ते तिच्या मनाला कायम खात राहिलं. मी लग्नानंतर पहिल्यांदा सही केली तेव्हा तिनं ते अक्षरांचं जाळं बोटानं गिरवून पाहिलं होतं.

ती कोजागिरीला यायची होती, मुद्दाम सिनेमा बघायला. मी नलूला म्हटलं, “पडद्यावर माझं नाव घाल. गाण्यांसमोर. बाकी काही नको. आमच्या घरात पिढ्यान् पिढ्या बायकांनी गाणी केली गं, एकीचं तरी नाव एका गाण्यावर लागू दे. आईला वाचता येत नाही, पण मी दाखवीन तिला.”

“वेडी का तू?” नलू म्हणाली. “हे सांगायला हवं होय!”

कोजागिरीच्या संध्याकाळी, चंद्र अजून पिवळाच होता, पटांगणात टेबलावर टीव्ही आणि भाड्याचा व्हीसीआर मांडला. मोठ्या पातेल्यात दूध आटत होतं, वेलचीचा वास. प्रमुख पाहुण्या म्हणून नलूच्या शाळेच्या मुख्याध्यापिका आणि दोन-चार बायका शहरातल्या कुठल्याशा संस्थेच्या. त्या पहिल्या रांगेत. त्यांच्या मागे मी आणि आई. आई नवं लुगडं नेसली होती, एसटीच्या प्रवासानं पाय सुजलेले, पण बसली ताठ.

सनई वाजली. किरीटभाईंनी लग्नाचीच चौकट वापरली होती, कडेनं गुलाबाची फुलं, वर गणपती, आणि कोपऱ्यात ‘शुभ विवाह’ पुसायचं राहून गेलेलं. सगळे हसले. मीही हसले. मग नावं यायला लागली, गुलाबी अक्षरांत. संकल्पना, कथा, दिग्दर्शन: सौ. नलिनी. टाळ्या. मी सगळ्यांत जोरात वाजवल्या. मग भूमिका करणाऱ्या बायकांची नावं, त्यात माझं, बारीक अक्षरात, रांगेतलं एक, वाचेपर्यंत गेलं. मग पडदा रिकामा झाला आणि एकच ओळ आली, मोठी, फुलांच्या मधोमध.

‘गीते: पारंपरिक’.

मला आधी कळलंच नाही. मला वाटलं, याच्यापुढे अजून काही येईल. आईनं माझ्या मांडीवर हात ठेवला. तिला कळलं होतं की मी श्वास रोखलाय, म्हणजे आता तेच. तिनं पडद्याकडे बोट केलं.

“सुले, ह्यां तुझां नांव गो?”

आजूबाजूला बायका, पुढे पाहुण्या, बाजूला उभी नलू. ती पडद्याकडे बघत होती, माझ्याकडे नाही.

“होय गे आये,” मी म्हटलं.

“लांब आसा गो नांव.”

“लग्न झाल्यावर लांब झालां.”

आईनं दोन्ही हातांनी पडद्यावरून माझी दृष्ट काढली आणि कानशिलावर बोटं मोडली. मग पदरानं डोळे पुसून सिनेमा बघायला लागली. मी काही बघितला नाही. आवाज येत होता, माझीच गाणी, माझ्याच मैत्रिणींच्या गळ्यातून. पुढच्या रांगेतली एक पाहुणी दुसरीला म्हणाली, “आपल्या लोकगीतांमध्ये काय ताकद आहे, बघा. आणि या बाईंनी काय नेमकं वेचून काढलंय!” मसाल्याचं दूध हातात होतं, ते साय धरून गार झालं.

आई गावी गेली. जाईल तिथे सांगत राहिली, माझ्या मुलीचं नाव फुलांच्या मधे लिवलेलां आसा, ह्या एवढ्या मोठ्या अक्षरात. शेवटपर्यंत सांगत होती. तिच्या तोंडून ते ऐकताना मला हूं म्हणावं लागायचं, आणि प्रत्येक हूंगणिक मला खडीच्या ढिगावर मांडी घालून बसलेली नलू दिसायची.

कोजागिरीच्या दुसऱ्या दिवशी नलू आली होती घरी. हातात डबा. झाकणावर हात ठेवून दारातूनच म्हणाली, “ओळख खिरापत!” जसं काही घडलंच नाही.

मी म्हटलं, “नाव कुठे गेलं नलू?”

“अगं, त्या संस्थेच्या बायका सिनेमा स्पर्धेला घेणार आहेत. कवयित्री म्हटलं की विचारणार, कोण, काय शिकली, आणखी काय लिहिलंय. पारंपरिक म्हटलं की प्रश्न मिटला. आणि भोंडल्याच्या गाण्याला कधी कुणाचं नाव असतं का?”

“तुझं आहे की सिनेमाला.”

“सुले,” ती म्हणाली, आणि तशीच हसली, समोरच्याला हुशार वाटायला लावणारं. “आपल्यात कसलं गं तुझं-माझं?”

हे वाक्य मी आयुष्यभर चघळलंय. तुझं-माझं नसतंच ना, तर सगळं तिचंच कसं होतं? मी भांडले नाही. भांडता येत नव्हतं असं नाही, मालवणीत मला सात पिढ्या उद्धरता येतात. पण ज्या बाईनं मला भोंडला शिकवला, पुस्तकं दिली, तिच्यासमोर ती शिव्या देणारी सुली व्हायला मला लाज वाटली. तिलाही ते माहीत होतं. म्हणून तर तिनं केलं.

मग बाजारात किरीटभाई भेटले. मी काही विचारलं नव्हतं, तेच म्हणाले, “बेन, मैंने पूछा था हां! गाने में सुलोचनाबेन का नाम डालूँ? नलिनीबेन बोली, रहने दो, उसको नाम की हौस नहीं है.” हातातल्या पिशवीत काकड्या होत्या. मी त्याच बघत राहिले. म्हणजे ती विसरली नव्हती. गडबड झाली नव्हती. तिला विचारलं होतं, आणि तिनं माझ्या वतीनं उत्तर दिलं होतं.

त्या डब्यात वाटली डाळ होती. मी ती खाल्ली नाही, टाकलीही नाही, अन्न ते, काकूंना दिली. डबा घासला, कोरडा पुसला. आपल्यात शेजारणीचा डबा रिकामा परत करत नाहीत. काही नसलं घरात तर चिमूटभर साखर घालतात, पण रिकामा नाही. मी रिकामा दिला. तिनं दारातच झाकण उघडलं, आत बघितलं, झाकण लावलं.  इतिहासाची बाई ती, तिला कळलं. पुढे ती वसाहतीत होती तोवर आम्ही जिन्यात भेटलो की ‘गरम होतंय ना’ एवढंच.

तो सिनेमा कुठे स्पर्धेत गेला, काय झालं, मला ठाऊक नाही. कॅसेटला बुरशी आली असेल कुठेतरी. पण त्या डोंगरकराचा विचार मी पुष्कळ केला. दगा देणारा सगळ्यांना दुपारी अंगावर येताना दिसतो. पण दगा सकाळी झालेला असतो, तो वर बसून राहतो तेव्हाच. आणि दुसरं मला असं वाटतं, ज्यांच्या अंगावर तो उतरला, त्यांनी शेवटच्या क्षणापर्यंत वर बघून हात केला असेल त्याला. आला, आला, आपला माणूस आला! दुखतं ते तिथे. मार खाल्ल्याचं काय, मार कुणीही खातं. आपण हात केला होता, हे दुखतं.

वसाहत पाडली, टॉवर झाला, पोरंबाळं पांगली. नलू बरीच वर्षं मुलाकडे नागपूरला होती. यंदा सगळे इकडे परत राहायला आले, तिच्याच वाटणीच्या फ्लॅटमध्ये. केस पांढरे, हातात काठी, पण हसणं तेच. लिफ्टमध्ये भेटली तर माझा हात धरून म्हणाली, “सुले, राहिलोय आता आपण दोघीच.” पेडणेकरकाकू गेल्या, किरीटभाई गेले. खरं सांगू? माझा राग तिथेच लिफ्टमध्ये विरघळला. म्हातारपणी राग सांभाळायलाही ताकद लागते.

परवा खाली भोंडला होता. पोरी जीन्सवर ओढण्या बांधून आलेल्या, पाटावर छापील हत्ती. आम्हा दोघींना प्लॅस्टिकच्या खुर्च्या दिल्या, शेजारी शेजारी. सातविणीचा वास सुटलेला. नेहमीची गाणी झाली आणि मग पोरींनी सुरू केलं:

डोंगरावर कोण बाई, डोंगरावर कोण…

 कुठून शिकल्या असतील? आयांकडून, आया त्यांच्या आयांकडून. शब्द बहुतेक तेच होते. फक्त शेवटचं कडवं त्यांना माहीत नव्हतं:

उतरला गं उतरला, उतरला कुणीकडे
ज्यांनी पाहिली वाट त्याची, त्यांच्यावरती पडे

ते गळून गेलंय वाटेत. त्यांच्या गाण्यात डोंगरावरचा माणूस अजून वरच बसलाय.

फेर सुटल्यावर एक चुणचुणीत पोरगी आली मोबाइल घेऊन. “आजी, व्हिडिओ टाकायचाय. डोंगरावालं गाणं कुणी लिहिलंय, माहितीये? नाव घालायचंय.”

ती दोघींकडे बघून विचारत होती. मी बोलले नाही. मी मुद्दामच बोलले नाही. मी नलूकडे बघितलं, नलूनं माझ्याकडे. काही घाई नव्हती. पुढच्या रांगेत पाहुण्या नव्हत्या, स्पर्धा नव्हती, गमवायचं तर आता दोघींकडेही काही नव्हतं. मी तर मनातल्या मनात ‘जाऊ दे गं, कशाला आता’ असं लाजून म्हणायची तयारीसुद्धा करून ठेवली होती. हात वर केला होता म्हणा ना मी.

नलूनं पोरीकडे मान वळवली. हसली.

“पारंपरिक आहे गं,” ती म्हणाली.

“वाटलंच मला,” पोरगी म्हणाली आणि टाइप करत निघून गेली.

नंतर खिरापत. नलूच्या सुनेनं माझ्यासाठी वेगळा डबा भरून दिला, “आईंनी सांगितलंय, मावशींना आवडते.” वाटली डाळ. या वेळी मी खाल्ली. चांगली झाली होती, मिरची जरा पुढे होती.

डबा आता ओट्यावर आहे, घासून पुसून. मगाशी मी साखरेची बरणी उघडली होती. चमचा भरला, डब्यापर्यंत नेला, थोडा वेळ तसाच धरला. मग परत बरणीत ओतला. हात थरथरतो हल्ली. तेवढ्यात दोन-चार दाणे डब्यात सांडले असतील तर असोत, वेचत कोण बसणार! पण ते मी घातलेले नाहीत. नलूनं विचारलंच तर सांगेन, पारंपरिक आहेत.